पॉल केनेडीचं भाकीत खोटं ठरलं का? टीकाकारांनी काय पकडलं आणि काय सोडलं

प्रश्न असा आलाय की पॉल केनेडीच्या 'द राइज अँड फॉल ऑफ द ग्रेट पॉवर्स'वर त्या काळी एवढी टीका का झाली, टीकाकारांमध्ये बरोबर कोण निघालं, आणि अमेरिका अजून उभीच आहे तर आता हे पुस्तक वाचण्यात काही अर्थ आहे का. तिन्ही प्रश्न एकात एक अडकलेत, त्यामुळे एकत्रच उत्तर देतो, थोडं लांबेल. मी आंतरराष्ट्रीय संबंध हा विषय बरीच वर्षं शिकवतोय आणि एम.ए.च्या मुलांना हे पुस्तक आणि त्यावरचे रिव्ह्यू दोन्ही शेजारी ठेवून वाचायला लावतो, कारण नुसतं पुस्तक वाचलं की मुलं केनेडीच्या प्रेमात पडतात आणि नुसते रिव्ह्यू वाचले की त्याला फसलेला ज्योतिषी समजून मोकळी होतात.

ज्यांनी पुस्तक पाहिलंच नाही त्यांच्यासाठी आधी थोडक्यात. केनेडी हा मूळचा इंग्लंडच्या ईशान्येकडचा, टाइन नदीकाठच्या वॉल्सेंडचा, म्हणजे जहाजबांधणीच्या पट्ट्यातला. नंतर अमेरिकेत येल युनिव्हर्सिटीत प्रोफेसर. १९७६ मध्ये त्याने ब्रिटिश नौदलाच्या चढ-उतारावर एक पुस्तक लिहिलं होतं, आणि तोच विचार पुढे पाचशे वर्षांवर ताणून १९८७ च्या शेवटी हे जाडजूड पुस्तक आलं, साडेसहाशेहून जास्त पानांचं. सुरुवात मिंग काळातल्या चीनपासून, मग ऑटोमन, मुघल, मग हॅब्सबर्ग (स्पेन आणि ऑस्ट्रियाचं राजघराणं), फ्रान्स, ब्रिटन, जर्मनी, रशिया, अमेरिका. मुद्दा एका वाक्यात सांगायचा तर लष्करी ताकद शेवटी उत्पादनाच्या जोरावर उभी राहते, आणि उत्पादनाची वाढ सगळ्या देशांत सारख्या वेगाने होत नाही, म्हणून आज जो वर आहे तो उद्या इतरांच्या तुलनेत खाली येतोच; पण तोवर त्याने जगभर इतके तळ, इतकी वचनं, इतक्या सरहद्दी अंगावर घेतलेल्या असतात की त्यांचा खर्च पेलवेनासा होतो. यालाच तो 'इंपीरियल ओव्हरस्ट्रेच' म्हणतो. अंथरूण पाहून पाय पसरावेत हे आपल्याकडे लहानपणापासून ऐकवतात, केनेडीचं म्हणणं असं की अंथरूण इतरांच्या मानाने आखूड होत जातं आणि पाय आधीच पसरलेले असतात, ते आखडून घेणं कुठल्याच राजाला किंवा प्रेसिडेंटला जमत नाही. स्पेनचा दुसरा फिलिप हे त्याचं आवडतं उदाहरण. अमेरिका खंडातून चांदीची जहाजं येतायत आणि तरीही १५५७, १५७५, १५९६ अशी पुन्हा पुन्हा दिवाळखोरी, कारण नेदरलँड्समध्ये एक युद्ध, भूमध्य समुद्रात दुसरं, इंग्लंडशी तिसरं.

आता गंमत ही की एवढ्या मोठ्या पुस्तकात अमेरिकेच्या भवितव्यावरचा भाग जेमतेम वीसेक पानांचा आहे, तोही पार शेवटच्या चॅप्टरमध्ये. आणि जवळजवळ सगळा गदारोळ झाला तो या वीस पानांवर. हॅब्सबर्गांच्या हिशोबावर किंवा अठराव्या शतकातल्या ब्रिटिश कर्जव्यवस्थेवर इतिहासकार आपापसात बोलले, पण वर्तमानपत्रं, सिनेटर, टीव्हीवाले यांना त्याच्याशी काय देणंघेणं. त्यात वेळ अशी साधली गेली की बस्स. १९ ऑक्टोबर १९८७ ला न्यूयॉर्कचा शेअर बाजार कोसळला, डाऊ जोन्स एका दिवसात ५०८ अंकांनी, म्हणजे २२.६ टक्के पडला, आणि त्यानंतर काही आठवड्यांत हे पुस्तक दुकानात. कावळा बसायला आणि फांदी मोडायला एकच गाठ. रेगनच्या काळातली बजेटची तूट, व्यापारातली तूट, जपानी गाड्या, आणि समोर १९८८ ची निवडणूक, लोकांना जे आधीच वाटत होतं ते एका येलच्या प्रोफेसरने तळटीपांसकट सांगितलं.

कव्हरचाही वाटा होता बरं का. पहिल्या अमेरिकन आवृत्तीच्या कव्हरवर पृथ्वीचा गोल, त्यावरून खाली उतरणारा ब्रिटिश माणूस, गोलाच्या माथ्यावर अंकल सॅम पण त्याचाही पाय आता उतरणीला लागलेला, आणि मागून झेंडा घेऊन वर चढणारा जपानी. आत केनेडी शंभर अटी घालतो, 'तुलनेने', 'दीर्घकाळात', 'याचा अर्थ असा नव्हे की', आणि बाहेर चित्र एका झटक्यात सगळं सांगून टाकतं. माझं मत असं की निम्म्या टीकाकारांनी वाद घातला तो त्या चित्राशी.

रिव्ह्यूंची पहिली लाट बरीचशी कौतुकाची होती हे लोक विसरतात. जानेवारी १९८८ मध्ये न्यूयॉर्क टाइम्सच्या पुस्तक-पुरवणीत मायकेल हॉवर्ड या ब्रिटिश लष्करी इतिहासकाराने लिहिलं, ते आवाक्याला दाद देणारं होतं. पुढे पुस्तकाला वुल्फसन हिस्टरी प्राइज मिळालं, वीसहून जास्त भाषांत भाषांतरं झाली. खरी लढाई सुरू झाली 'फॉरेन अफेअर्स' या मॅगझीनमध्ये.

तिथे १९८८ मध्ये वॉल्ट रोस्टोने लिहिलं. हा तोच रोस्टो, आर्थिक वाढीच्या टप्प्यांचा सिद्धांत मांडणारा आणि व्हिएतनामच्या काळात प्रेसिडेंट जॉन्सनचा राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार. शीर्षकातच टोमणा होता, खोट्या उपमा घेऊन येणाऱ्या इतिहासकारांपासून सावध राहा. त्याचा रोख असा की हॅब्सबर्ग किंवा नेपोलियन यांना युरोपवर मालकी हवी होती, १९४५ नंतरच्या अमेरिकेचं तसं नाही, तिने तर युरोप आणि जपानला उभं राहायला मदत केली, मग ते उभे राहिले म्हणून अमेरिका पडली असं कसं म्हणता. मुद्दा ऐकायला बरा आहे, पण मला तो कच्चा वाटतो, कारण केनेडीचा हिशोब हेतूचा नाहीच, खर्चाचा आहे. तळ चांगल्या मनाने ठेवला काय आणि वाईट मनाने ठेवला काय, बिल तेवढंच येतं. आणि व्हिएतनामच्या वेळी सल्लागार असलेल्या माणसाने ओव्हरस्ट्रेच ही उपमा खोटी म्हणणं, असो.

हार्वर्डचा राज्यशास्त्रज्ञ सॅम्युएल हंटिंग्टन याचा लेख मात्र वेगळ्या तोडीचा होता. १९८८-८९ च्या हिवाळी अंकात आला. त्याने केनेडीला एकट्याला धरलं नाही, त्याने अख्खी जमातच पकडली, 'डिक्लिनिस्ट' म्हणजे ऱ्हासवादी म्हणून. आणि लाटा मोजून दाखवल्या: १९५७ मध्ये रशियाचा स्पुटनिक गेला तेव्हा अमेरिका संपली म्हणत होते, साठच्या दशकाच्या शेवटी निक्सन-किसिंजर बहुध्रुवीय जगाची भाषा करत होते, १९७३ मध्ये तेलाचा झटका बसला तेव्हा पुन्हा तेच, सत्तरच्या दशकाच्या शेवटी व्हिएतनाम-वॉटरगेटनंतर पुन्हा, आणि ही १९८७ ची पाचवी लाट. शिवाय त्याने दोन नेमके आकड्यांचे मुद्दे काढले. एक, जगाच्या उत्पादनातला अमेरिकेचा वाटा साठच्या दशकाच्या अखेरीपासून साधारण २० ते २५ टक्क्यांच्या आसपास स्थिरच आहे, घसरण झाली ती त्याच्या आधी. दोन, संरक्षणावरचा खर्च रेगनच्या काळात जीडीपीच्या साधारण ६ टक्के होता, पण आयझेनहॉवरच्या काळात तो १० टक्क्यांच्या घरात होता, मग ओझ्याने अमेरिका वाकली म्हणायची तर ती जास्त ओझं असताना का नाही वाकली? हा दुसरा प्रश्न केनेडीच्या वर्मी लागतो. तूट ही रेगनच्या कर आणि खर्चाच्या धोरणातून आली, ती धोरण बदललं की जाऊ शकते, साम्राज्याच्या वयाशी तिचा संबंध नाही, असं हंटिंग्टनचं म्हणणं, आणि नव्वदच्या दशकाच्या अखेरीस क्लिंटनच्या काळात अमेरिकन बजेट खरंच शिलकीत गेलं.

पण त्याच लेखाचा शेवट बघा. हंटिंग्टन म्हणतो की ऱ्हासाची आवई उठवणारे लोक उपयोगी आहेत, कारण आपण पडणार अशी भीती जनतेला अधूनमधून वाटत राहते तोवर अमेरिका पडण्याची शक्यता कमी. वाक्य चमकदार आहे, माझे विद्यार्थी हटकून अधोरेखित करतात, पण नीट बघितलं तर यात छापा पडला तरी माझं, काटा पडला तरी माझंच. ऱ्हास झाला नाही तर इशारा कामी आला, झाला तर इशारा ऐकला नाही. हे तपासायचं कसं? केनेडीवर भविष्य सांगितल्याचा आरोप करणाऱ्याने स्वतः कधीच खोटं ठरू शकणार नाही असं वाक्य लिहून ठेवलं. अर्थात केनेडीनेही पळवाट ठेवलीच आहे, प्रस्तावनेत तो सांगतो की आर्थिक घसरण आणि लष्करी घसरण यांच्यात काळाचं अंतर असतं. किती अंतर? दहा वर्षं, पन्नास वर्षं? ते सांगत नाही. म्हणजे दोघंही एकाच नावेत.

हार्वर्डच्याच जोसेफ नाय या राज्यशास्त्रज्ञाचं 'बाउंड टू लीड' १९९० मध्ये आलं, आणि माझ्या मते सगळ्यात पक्का घाव याचा. लोकांना या पुस्तकातलं 'सॉफ्ट पॉवर' (धाक किंवा पैसा न वापरता आकर्षणाने इतरांना वळवण्याची ताकद) लक्षात राहिलं, पण केनेडीला उत्तर म्हणून बघायचं तर खरं काम पहिल्या भागात आहे, जिथे तो सुरुवातीचं वर्ष कुठलं धरता हा प्रश्न विचारतो. १९४५ ला युरोप जळून गेलेला, जपान राख झालेलं, रशियाची माणसं आणि कारखाने दोन्ही गेलेले, चीन यादवीत. अशा वेळी अमेरिकेचा वाटा अफाट दिसणारच. अख्खा वर्ग तापाने आडवा असताना पहिला आलेला मुलगा, बाकीचे बरे होऊन शाळेत आल्यावर तिसरा-चौथा आला, तर तो बिघडला म्हणायचं का? नाय दाखवतो की घसरण सगळी या 'बरे होण्याच्या' काळातली आहे, सत्तरच्या दशकाच्या मध्यापर्यंत ती संपली, नंतर रेघ जवळजवळ सपाट.

आता इथे मी मुलांना थांबवतो आणि केनेडीचं तेच शेवटचं चॅप्टर उघडायला लावतो, कारण ही गोष्ट केनेडीला माहीत नव्हती असं अजिबात नाही. तो स्वतः लिहितो की भूभाग, लोकसंख्या, नैसर्गिक साधनं बघता अमेरिकेचा जगाच्या संपत्तीतला आणि सत्तेतला स्वाभाविक वाटा कदाचित १६ ते १८ टक्के असायला हवा, परिस्थिती अनुकूल म्हणून तो १९४५ पर्यंत ४० टक्के किंवा वर गेला, आणि आता आपण बघतोय ते त्या असाधारण उंचीवरून मूळ जागेकडे येणं. आणि पुढे हेही की मूळ जागेवर आली तरी नुसत्या आकारामुळे ती मोठी सत्ता राहीलच. नेत्यांचं काम एवढंच की ही उतरण हळू आणि धक्के न बसता व्हावी. हे सगळं छापलेलं आहे! नायचा आक्षेप खरा, पण तो अर्धा केनेडीच्याच खिशातून काढलेला. केनेडीचा दोष वेगळा आहे: एकदा हे मान्य केल्यावर हॅब्सबर्ग आणि एडवर्ड राजाच्या, म्हणजे विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या ब्रिटनशी तुलना करून घाबरवायची गरज नव्हती, कारण ते काही आपल्या स्वाभाविक पातळीवर आरामात येऊन बसले नाहीत.

आणि हा १६ ते १८ चा आकडा आज तपासून बघा, मजा येते. बाजारभावाच्या डॉलरमध्ये मोजलं तर जगाच्या जीडीपीत अमेरिकेचा वाटा अजून २५ टक्क्यांच्या आसपास आहे, म्हणजे केनेडी साफ चुकला. पण क्रयशक्तीच्या हिशोबाने, म्हणजे ज्या पद्धतीत मुंबईतल्या केस कापण्याची आणि न्यूयॉर्कमधल्या केस कापण्याची किंमत सारखी धरतात त्या पद्धतीने मोजलं, तर अमेरिका साधारण १५ टक्के आणि चीन तिच्या पुढे. म्हणजे केनेडी नुसता बरोबर नाही, थोडा जास्तच उदार निघाला. आता यातलं कुठलं माप सत्तेला लागू पडतं? परदेशातून तेल, चिप्स, विमानं विकत घ्यायची तर बाजारभावाचा डॉलर लागतो. आपल्याच देशात सैनिकांचा पगार द्यायचा, आपल्याच यार्डात युद्धनौका बांधायच्या तर क्रयशक्तीचं माप जवळचं. १९८८ मध्ये या वादात जेवढी शाई गेली तेवढी या मापाच्या निवडीवर गेली असती तर बरं झालं असतं, कारण 'अमेरिका पडतेय' आणि 'अमेरिका भक्कम आहे' म्हणणारे आजही बहुतेक वेळा वेगवेगळ्या फूटपट्ट्या घेऊन एकमेकांवर ओरडत असतात.

केनेडी खरा आपटला तो अमेरिकेवर नाही, सोव्हिएत युनियनवर. त्यावरचं प्रकरण मुद्दाम वाचा. शेतीचं रडगाणं, मागासलेलं तंत्रज्ञान, रशियाबाहेरच्या लोकसंख्येची वाढ, संरक्षणावर अफाट खर्च, सगळी लक्षणं त्याने नीट लिहिलीत, ओव्हरस्ट्रेचचं पुस्तकी उदाहरण समोर आहे. आणि निष्कर्ष काय, तर सोव्हिएत संघ कोसळायच्या बेतात आहे असं समजू नका, कारण रशियन राज्याच्या स्वभावात किंवा परंपरेत मुकाट्याने माघार घेणं बसत नाही, मोडेन पण वाकणार नाही असा तो बाणा. आणि इतिहासात अशी पसरलेली बहुराष्ट्रीय साम्राज्यं मोठ्या युद्धात हरल्याशिवाय किंवा युद्धाने खिळखिळी झाल्याशिवाय मागे हटलेली नाहीत. चार वर्षांत, डिसेंबर १९९१ मध्ये, महायुद्ध न होता सोव्हिएत संघ कागदावर सही करून संपला. म्हणजे सिद्धांत ज्या रोग्याला तंतोतंत लागू होता त्याचंच निदान चुकलं. आणि १९८८ च्या टीकाकारांपैकी फार थोड्यांनी या प्रकरणाला हात लावला, कारण तेव्हा त्यांनाही तेच वाटत होतं.

ज्यांनी सोव्हिएत पडझड आधी पाहिली ते वेगळ्याच खिडकीतून बघत होते. फ्रान्समधला एमान्युएल टॉड, वयाच्या पंचविशीत, १९७६ मध्ये लिहितो की ही व्यवस्था टिकणार नाही, आणि त्याच्या हातातला मुख्य पुरावा पोलादाचा किंवा रणगाड्यांचा नाही, अर्भकमृत्यूचा: एका औद्योगिक देशात तान्ही बाळं मरण्याचं प्रमाण कमी व्हायचं सोडून पुन्हा वाढायला लागलं होतं आणि नंतर सरकारने आकडेच छापणं थांबवलं. त्याच्याही आधी, १९६९ मध्ये, मॉस्कोतल्या आंद्रेइ अमालरिकने सोव्हिएत संघ १९८४ पर्यंत तरी टिकेल का असा निबंध लिहिला आणि त्याची शिक्षाही भोगली. वर्ष फार चुकलं नाही, पण कारण म्हणून तो चीनशी युद्ध सांगत होता, ते काही झालं नाही. तर भाकीत बरोबर आणि कारण चूक असेल तर मार्क द्यायचे का, हा प्रश्न मी परीक्षेत विचारतो, उत्तरं मजेशीर येतात. टॉडने पुढे २००२ मध्ये अमेरिकेच्या पडझडीवरही पुस्तक लिहिलं, तिथे मात्र त्याचा हात पहिल्याइतका पक्का वाटत नाही.

जपानबद्दल फार बोलत नाही. कव्हरवर चढणाऱ्या त्या माणसाचं काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे, तिथल्या शेअर बाजाराचा निर्देशांक निक्केई डिसेंबर १९८९ अखेर ३८,९१५ वर गेला आणि तो आकडा पुन्हा दिसायला २०२४ उजाडलं. चीनच्या बाबतीत मात्र केनेडीला श्रेय द्यायला हवं, देंग शियाओपिंगच्या आर्थिक सुधारणा नुकत्या रुळत होत्या तेव्हा त्याने चीनची वाढ गंभीरपणे घेतली होती, जे तेव्हाच्या टीकाकारांनी जवळपास वगळलं.

आता आपल्या लोकांसाठी एक पान. पहिल्याच चॅप्टरमध्ये मुघलांवर थोडा मजकूर आहे. दरबाराचा उधळा खर्च आणि तो भागवायला रयत आणि व्यापारी दोघांना पिळणारं वसुलीचं यंत्र, इथपर्यंत ठीक. अलीगढच्या इरफान हबीब यांनी १९६३ मध्ये मुघल शेतीव्यवस्थेवर जे मांडलं त्याच्या आसपासच हे जातं. पण त्याच परिच्छेदांत तो हिंदूंच्या धार्मिक बंधनांबद्दल लिहितो की उंदीर आणि किडे मारता येत नसल्याने प्रचंड धान्य वाया जायचं, आणि जातिव्यवस्थेने उपक्रमशीलतेचा गळा घोटला. जातीचा मुद्दा चर्चेला घ्यावा, पण उंदरांवरून साम्राज्याचा ऱ्हास? शितावरून भाताची परीक्षा म्हणतात, इथे तर उंदरावरून. मराठ्यांचा उल्लेख येतो तो दक्षिणेकडचा एक दबाव म्हणून, एका ओळीत, आणि लगेच सांगून टाकलंय की कारणं बाहेरची कमी, आतली जास्त. मला नवल वाटतं ते हे की ओव्हरस्ट्रेचवर पुस्तक लिहिणाऱ्या माणसाने औरंगजेबाची दख्खन मोहीम सोडून दिली. १६८१ ला तो दक्षिणेकडे निघाला आणि १७०७ मध्ये अहमदनगरला मेला, दिल्ली त्याने परत पाहिलीच नाही. विजापूर, गोवळकोंडा घेतलं, संभाजी महाराजांना मारलं, आणि तरी एक किल्ला घ्यावा तर मागचा सुटतोय, तनखा थकलाय, जहागिरी वाटायला पुरत नाहीत. इतिहासकार जदुनाथ सरकारांनी याला दख्खनचं गळू म्हटलंय, नेपोलियनच्या स्पेनसारखं. केनेडीच्या सिद्धांताला याहून चांगला दाखला आशियात मिळाला नसता. पण बहुतेक पाश्चात्त्य रिव्ह्यूकारांना या चॅप्टरमध्ये चूकही दिसली नाही आणि गाळलेलं उदाहरणही दिसलं नाही, त्यांच्या दृष्टीने ती प्रस्तावना होती.

याच पुस्तकातला एक तक्ता मात्र भारतात सगळीकडे फिरतो, बऱ्याच जणांना तो केनेडीतून आलाय हे माहीतही नसतं. जगाच्या कारखानदारी उत्पादनातला वाटा: १७५० मध्ये भारतीय उपखंड २४.५ टक्के, १८०० मध्ये १९.७, १८६० मध्ये ८.६, १९०० मध्ये १.७. ब्रिटनचा १९०० मधला १८.५ आणि अमेरिकेचा २३.६. आकडे मूळचे पॉल बेरोक या आर्थिक इतिहासकाराचे. लोक ते देवाच्या वाक्यासारखे फेकतात, पण १७५० साली घराघरांत मागावर विणलं जाणारं कापड कोणी मोजलं होतं? हे अंदाज आहेत, आणि दशांशापर्यंत लिहिल्यामुळे ते पक्के वाटतात. दिशा खरी आहे, त्याबद्दल कुणाचा वाद नाही, दादाभाई नौरोजींपासून आपण तेच सांगतोय, पण २४.५ मधला तो .५ बघून मला कायम हसू येतं. हा आक्षेप पुस्तकाच्या मुळाशी जातो, कारण सगळी इमारत अशा तक्त्यांवर उभी आहे, आणि १९८८ च्या गोंधळात यावर फारच कमी लोक बोलले.

सोव्हिएत संघ गेल्यावर केनेडीची दहा वर्षं थट्टा झाली, आणि त्याने स्वतःही २००२ मध्ये फायनान्शियल टाइम्समध्ये अमेरिकेच्या ताकदीवर एक लेख लिहिला ज्यात तो जवळजवळ थक्क झालेला आहे, सत्तेतली एवढी तफावत इतिहासात कधी नव्हती, आणि तीही जीडीपीच्या तीन-साडेतीन टक्क्यांत, म्हणजे स्वस्तात. टीकाकारांनी टाळ्या वाजवल्या. मग इराक, मग २००८ चं आर्थिक संकट, आणि जानेवारी २००९ मध्ये वॉल स्ट्रीट जर्नलमध्ये पुन्हा त्याचाच लेख, की अमेरिकेची सत्ता ओसरतेय. याला कोलांटउडी म्हणणारे आहेत. मी म्हणणार नाही, पण एवढं नक्की की पाचशे वर्षांच्या प्रवाहावर बोलणाऱ्याने सात वर्षांत दोनदा सूर बदलावा हे त्या सिद्धांताची छोट्या काळासाठीची उपयुक्तता दाखवतं, म्हणजे जवळपास शून्य. मधल्या काळात नील फर्ग्युसन या ब्रिटिश इतिहासकाराने उलटाच सूर लावला होता की अमेरिकेचा प्रॉब्लेम ओव्हरस्ट्रेच नाही, ती साम्राज्य चालवायला पुरेशी माणसं आणि वेळ देतच नाही, हा आहे. अफगाणिस्तानात वीस वर्षं काढून झालेली २०२१ ची माघार बघितली की त्याच्याही म्हणण्याला धार उरत नाही.

वाचक कोण कोण होते तेही बघण्यासारखं आहे. २००६ मध्ये चीनच्या सरकारी टीव्हीने महासत्तांच्या उदयावर बारा भागांची मालिका दाखवली, पोर्तुगालपासून अमेरिकेपर्यंत नऊ देश, आणि तिथल्या चर्चेत केनेडीचं नाव सारखं असायचं. पण त्यांनी नावातला 'फॉल' काढून फक्त 'राइज' ठेवला. आणि २०१५ मध्ये अमेरिकेने पाकिस्तानातल्या अबोटाबादच्या घरात सापडलेल्या पुस्तकांची यादी जाहीर केली, त्यात ओसामा बिन लादेनकडेही हे पुस्तक होतं. अमेरिकेला खर्चात पाडून रक्तबंबाळ करायचं ही त्याची जाहीर भाषा होती, तेव्हा त्याने कुठलं चॅप्टर आधी उघडलं असेल याचा अंदाज करायला फार डोकं लागत नाही.

आता तिसरा प्रश्न, वाचावं का. हो, पण शेवटापासून नको. तिसरं चॅप्टर आधी घ्या, १६६० ते १८१५, पैसा, भूगोल आणि युद्धं. तिथे ब्रिटन फ्रान्सपेक्षा लोकसंख्येने लहान असून का जिंकतो याचं उत्तर आहे: पार्लमेंटच्या हमीवर स्वस्तात कर्ज उभं करता येत होतं, आणि फ्रान्सच्या राजाला तेच कर्ज महाग पडत होतं. १८१५ ला ब्रिटनच्या डोक्यावर राष्ट्रीय उत्पन्नाच्या दुपटीच्या घरात कर्ज होतं आणि त्यानंतर त्याचं सगळ्यात भरभराटीचं शतक सुरू झालं. 'कर्ज वाढलं म्हणजे साम्राज्य बुडालं' असं केनेडीच्या नावावर खपवणाऱ्यांना हे चॅप्टर दाखवा. मग आठव्या चॅप्टरमधला सोव्हिएत भाग आणि अमेरिकेचा भाग लागोपाठ वाचा, मग हंटिंग्टनचा लेख, मग नायची पहिली काही प्रकरणं. रोस्टो वगळला तरी चालेल. आणि वाचताना २०२४ च्या आर्थिक वर्षाचा एक आकडा जवळ ठेवा, त्या वर्षी अमेरिकन केंद्र सरकारने कर्जाच्या व्याजापोटी जे भरलं ते संरक्षणखर्चापेक्षा जास्त होतं. आयझेनहॉवरच्या काळात ओझं जास्त होतं हे हंटिंग्टनचं उत्तर इथे चालत नाही, कारण तेव्हा व्याजाचा बोजा असा नव्हता. तिसऱ्या चॅप्टरमधला ब्रिटनही व्याजात बुडालेला होताच, फक्त त्याचे सावकार बरेचसे घरचेच होते, आणि अमेरिकेच्या रोख्यांचा मोठा हिस्सा टोकियो, बीजिंग, लंडनमध्ये पडून आहे.